दीड मीटरचा ब्लाउज

प्रिय आत्या,

तुला जाऊन वर्ष झालं. उद्या बुवापाड्यातल्या विहारात तुझं पुण्यानुमोदन. सगळे पांढऱ्या कपड्यांत येणार, आणि मी तू दिलेली पिवळी साडी काढून बसले आहे. तिचा ब्लाउज आता मला होत नाही, म्हणून सकाळी अर्जंट शिवायला टेलरकडे गेले. तिथून आल्यापासून तुझ्याशी बोलावंसं वाटतंय.

उल्हासनगरचा तो सिंधी दुकानदार आठवतो? तू दुकानात शिरलीस की तो सगळ्यात भडक कापड आधी उलगडायचा. साडीतलं ब्लाउजपीस तुला कधी पुरलंच नाही. दुसरी बाई हिरमुसली असती. तू राणी रंगाच्या साडीवर पोपटी कापड घ्यायचीस, दीड मीटर, वर बाहीला झालर! टेलर कुरकुरला तर म्हणायचीस, "कापड वाढव ना भाऊ. मी कशाला कमी होऊ?" चाळीत सगळ्यांकडे ब्लॅक अँड व्हाइट टीव्ही, रंगीत तेवढी तू!

मी लाजेनं अर्धी व्हायचे. तुझ्याच अंगाची होते ना मी! बारीक दिसावं म्हणून आई मला गडद निळं नेसवायची.

पहिलं स्थळ बघायला येणार होतं, तेव्हा मी तुझ्या दारात येऊन सांगितलं, आत्या, तू येऊ नकोस. तुला बघितलं की पोरगी पुढे कशी होणार ते त्यांना कळेल. वाक्य आईचं होतं, पण जीभ माझी होती. कशी धजावली गं? तू फक्त "बरं" म्हणालीस आणि मला चहा पाजून पाठवलंस, नेहमीसारखी साखर जास्तच घालून.

मुलगी जाड आहे म्हणून त्या माणसांनी नकार दिला. संध्याकाळी तू आलीस. मला वाटलं, आता ऐकवशील. तू ही पिवळीधमक साडी माझ्या मांडीवर ठेवलीस. ब्लाउज माझ्याच मापाचा, सैल नाही की घट्ट नाही. माप कधी घेतलंस?

बदलापूरचं स्थळ आलं तेव्हा मी तीच नेसले आणि तुला हाताला धरून शेजारी बसवलं. आई डोळे वटारत होती. तू पोटभर हसलीस, पाहुण्यांच्या पोह्यांवर आणखी खोबरं घालायला लावलंस. आमचे हे अजून सांगतात, तो कार्यक्रम लवकर संपू नये असं त्यांना वाटत होतं.

पण त्या "येऊ नकोस"ची माफी मी कधी मागितलीच नाही. तूही विषय काढला नाहीस. एकदा तरी रागवायचं होतंस, आत्या!

आज टेलर म्हणाला, जरा वजन कमी करा काकी, मग जुनाच बसेल. मी पिशवीतून पोपटी कापड काढून त्याच्यापुढे ठेवलं. दीड मीटर. आणि तुझंच वाक्य म्हणाले, तुझ्याएवढ्याच मोठ्या आवाजात. दुकानातल्या बायका वळून बघायला लागल्या. मी मान खाली घातली नाही.

उद्या पांढऱ्या रांगांत मी पिवळी नेसून येईन, आणि मागे नाही, पुढे बसेन. कुणी विचारलंच तर सांगेन, पोरगी पुढे कशी होणार ते बघा. अश्शी झाली.

तुझ्याच मापाची,
मंदा