‘बांध’, आठवी आवृत्ती

मी, मॅव्हिस जोन बुलन, वय एक्क्याऐंशी, अविवाहित, संगणकाच्या कारखान्यातली पूर्वीची तपासनीस, राहणार ६, वेअर लेन, ईली, केंब्रिजशायर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहिते. माझी बुद्धी शाबूत आहे. डॉक्टरांनी गेल्या गुरुवारी मला आठवड्याचे वार उलटे म्हणायला लावले आणि मी ते म्हटले. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. यापूर्वी मी आणि माझी धाकटी बहीण रोडा हिने मिळून केलेले मृत्युपत्र मी रद्द करते. त्यात आम्ही सगळे एकमेकींना दिले होते. रोडा फेब्रुवारीत वारली, त्यामुळे त्या कागदाला आता अर्थ उरलेला नाही.

हे लिहायला मला तीन दिवस लागले. मी सारखी उठते. गॅस बंद आहे का ते पाहते, मागचे दार पाहते आणि परत येऊन बसते. वाक्ये तुटक वाटली तर कारण एवढेच आहे.

कलम १. माझ्या मामेबहिणीची मुलगी ग्रेटा लेगेट, राहणार नॉरिच, हिला मी या मृत्युपत्राची व्यवस्थापक नेमते. ग्रेटा कामात नेटकी आहे आणि कोणाच्या घरातल्या वस्तू हाताळताना उगाच हळवी होत नाही. रोडाचे कपडे तिने एका सकाळीच आवरून दिले. मला ते आठ महिन्यांत जमले नसते.

कलम २. मला रोडाच्या शेजारी पुरावे. दगडावर तिच्या नावाखाली जागा मोकळी ठेवलेली आहे. फक्त नाव आणि दोन साले घालावीत. भजन एकच म्हणावे, आणि लहान निवडावे.

कलम ३. राहते घर ग्रेटाला द्यावे. वरच्या खोलीची खिडकी पश्चिमेच्या वाऱ्यात खडखडते. घडी केलेला पुठ्ठा तिच्या फटीत घालायचा असतो. तो पुठ्ठा फेकू नये.

कलम ४. बँकेत जे काही असेल ते, अंत्यविधीचा खर्च वजा करून, वृद्धांना दुपारचे गरम जेवण पोहोचवणाऱ्या आमच्या गावच्या मंडळाला द्यावे. रोडाच्या शेवटच्या हिवाळ्यात त्यांनी रोज मटण आणि मटार आणून दिले. तिने त्याला रोज नावे ठेवली आणि रोज ताट पुसून खाल्ले.

कलम ५. माझी हत्यारे, म्हणजे दोन सोल्डरिंग आयर्न, व्होल्ट मोजायचा मीटर, भिंग आणि स्क्रूड्रायव्हरांचा पत्र्याचा डबा, शेजारच्या सेड्रिक ओल्डिंग यांना द्यावीत. ते शनिवारी चर्चच्या दालनात लोकांचे टोस्टर दुरुस्त करतात. त्यांच्या नावाने वस्तू ठेवल्या म्हणून साक्षीला त्यांना बोलावलेले नाही. ते रागावतील. रागावू द्यावे.

कलम ६. रोडा शिकवत असे त्या शाळेचे त्या वेळचे मुख्याध्यापक श्री. क्रॅस्क चौऱ्याण्णव वर्षांचे असून मार्च गावच्या वृद्धाश्रमात आहेत. त्यांना शाळेच्या संगणकावरचे, आता माझ्याकडे असलेले तपकिरी लोकरीचे आच्छादन पोस्टाने पाठवावे. ते त्यांच्या पत्नीने विणले होते.

याचे कारण नोंदवते. ब्याऐंशी साली सरकारच्या योजनेतून प्रत्येक शाळेला एक संगणक मिळू लागला. रोडाच्या शाळेलाही एक आला, चाकांच्या गाड्यावर बसवलेला. श्री. क्रॅस्क यांनी तो गाडा फरशी पुसायच्या काठ्यांबरोबर कपाटात कुलूपबंद ठेवला आणि शुक्रवारी दुपारी तासभर बाहेर काढायची परवानगी दिली.

“मिस बुलन, मुलांचे हात चिकट असतात. मशीन बिघडेल,” ते म्हणाले.

“सर, कपाटातल्या बादल्यांना शिकवून झालं असेल तर आता मुलांकडे देऊ या का?” रोडा म्हणाली.

तिने हे घरी येऊन मला सांगितले तेव्हा आम्ही इतक्या हसलो की उकडत ठेवलेली अंडी दगड झाली. पण कुलूप पुढची दोन वर्षे तसेच राहिले. आच्छादन स्वच्छ धुऊन पाठवावे. चिठ्ठी घालू नये.

कलम ७. ही कॅसेटची बाब आहे. हे कलम मी प्रथम असे लिहिले होते: ‘माझ्या उशाच्या कपाटातली, “बांध, ८” असे लेबल असलेली कॅसेट कोणीही न ऐकता माझ्याबरोबर पुरावी.’ ते मी आज खोडले आहे. खोडल्या जागी मी आणि दोन्ही साक्षीदारांनी आद्याक्षरे घातली आहेत. खोडण्याचे कारण लिहिणे मला आवश्यक वाटते.

आमच्याकडची शेते नदीपेक्षा खाली आहेत. पंप थांबले की पाणी आत येते. रोडाने तिच्या वर्गासाठी याच गोष्टीचा एक प्रोग्राम लिहिला आणि त्याचे नाव ‘बांध’ ठेवले. पाऊस किती पडला ते पडद्यावर येई. किती पंप चालवायचे, पंपांचा किती कोळसा उरवायचा, हे मुलांनी ठरवायचे. चुकले की बटाट्याचे शेत निळे होत जाई. मुले ओरडत, “मिस, बुडालो!” आणि पुन्हा हिशेब मांडत. भागाकाराला घाबरणारी मुले शुक्रवारची वाट पाहू लागली. रोडाला हे कोणी शिकवले नव्हते. ती टीव्हीवरचे संगणकाचे पाठ पाही, आणि मी कारखान्यात तपासणीत नापास झालेला संगणकाचा बोर्ड परवानगीने घरी आणून दुरुस्त केला होता, त्यावर स्वयंपाकघरात सराव करी.

प्रोग्राम साध्या गाण्याच्या कॅसेटवर साठवत. रोडाची एक सवय होती. साठवण्याआधी ती रेकॉर्डरच्या तारा काढून स्वतःच्या आवाजात नाव, आवृत्ती आणि तारीख बोले, मग तारा जोडून प्रोग्राम उतरवी. पुष्कळ लोक तसे करत. नाही तर प्रोग्रामच्या किंकाळ्यांसारख्या आवाजांमध्ये काय कुठे आहे ते सापडत नसे. मात्र प्रोग्राम परत भरताना इअरफोनच्या भोकात तार असे, आणि ती असली की रेकॉर्डरचा स्पीकर मुका होई. संगणक ऐके, आपल्याला काही ऐकू येत नसे.

चौऱ्याऐंशीच्या मे महिन्यात केंब्रिजला जिल्ह्यातल्या शिक्षकांची सभा होती. तिथे शाळांसाठी प्रोग्राम छापणाऱ्या एका प्रकाशनाचा माणूस येणार होता. रोडाची ‘बांध’ची सातवी आवृत्ती नव्वद मिनिटांच्या कॅसेटवर होती. तिची फीत पातळ असते, ताणली जाते. मी म्हणाले, “पंधरा मिनिटांच्या चांगल्या कॅसेटवर उतरवून देते. हे माझं रोजचं काम आहे.” ते खरोखरच माझे रोजचे काम होते.

प्रत्येक कॅसेटच्या सुरुवातीला थोडी कोरी फीत असते. तिच्यावर काही उमटत नाही. ती आधी पुढे सरकवायची, मग साठवायचे, मग परत वाजवून तपासायचे. कारखान्यात नव्या मुलींना मी हे दिवसातून दहादा बजावत असे. त्या दिवशी मला दुपारच्या पाळीची बस गाठायची होती. मी फीत सरकवली नाही आणि तपासलेही नाही. शिवाय जुनी कॅसेट आता मोकळी झाली असे समजून, निघता निघता तिच्यावर रेडिओवरचे चर्चचे गायन उतरायला लावून गेले.

सभेत चाळीस शिक्षक होते. पडद्यावर ‘शोध चालू’ एवढेच आले आणि तेवढेच राहिले. प्रोग्रामची सुरुवात कोऱ्या फितीवर गेली होती, म्हणजे कुठेच गेली नव्हती. रोडाने तीनदा कॅसेट मागे घेतली. प्रकाशनाच्या माणसाने घड्याळ पाहिले, कोट घेतला आणि तिला म्हणाला, “कल्पना छान आहे हं.” मी मागच्या रांगेत बसले होते.

बाहेर बसथांब्यावर रोडाने मला एकच प्रश्न विचारला.

“मॅव्हिस, कोरी फीत पुढे सरकवली होतीस ना?”

“हो,” मी म्हणाले. “शाळेचा रेकॉर्डरच भिकार आहे.”

“असेल,” ती म्हणाली.

त्यानंतर तिने तो विषय कधी काढला नाही. उन्हाळ्याच्या सुट्टीत तिने सगळा प्रोग्राम आठवून पुन्हा लिहिला. ती आठवी आवृत्ती. तोवर प्रकाशनाची यादी छापून झाली होती. दोन वर्षांत आमचा कारखाना बंद पडला, काही वर्षांनी शाळेत दुसऱ्या जातीची यंत्रे आली, आणि ‘बांध’ त्या एका शाळेपलीकडे कधी गेला नाही. चांगल्या शिक्षिकेचे चांगले काम माझ्यामुळे तिथेच राहिले. त्याहून वाईट म्हणजे मी खोटे बोलले, आणि चाळीस वर्षे तिच्यासमोर बसून चहा प्याले. ही कबुली मी इथे देते, कारण मृत्युपत्रात लिहिलेले कोणी तरी वाचतेच.

गेल्या ऑगस्टमध्ये जुन्या संगणकांच्या एका संग्रहालयातून श्रीमती नेस्टा ओकडेन घरी आल्या. बोलायला मोकळ्या आहेत. त्यांनी स्वयंपाकघरातच आठवी आवृत्ती लावली, पण सवयीप्रमाणे आधी तार काढून.

रेकॉर्डरमधून रोडा म्हणाली, “बांध, आठवी आवृत्ती.”

“अय्या, यात कुणी तरी बोलतंय!” श्रीमती ओकडेन म्हणाल्या.

“बंद करा,” मी म्हणाले.

“हरकत नाही. आम्ही साठवताना आवाजाचा भाग कापूनच टाकतो. प्रोग्राम तेवढा हवा असतो. पण बाई, तुम्ही पांढऱ्या पडलात. बसा आधी.”

नाव आणि तारीख बोलायला तीन-चार सेकंद लागतात. फीत किती सरकली ते दाखवणारा रेकॉर्डरवरचा आकडा मला वाचता येतो. प्रोग्राम सुरू होण्याआधी त्या कॅसेटवर अर्ध्या मिनिटाहून जास्त बोलणे होते. ती कॅसेट मी शाळेत पालकांना बोलावत त्या दिवशी, जत्रेत, शेजाऱ्यांच्या मुलांसाठी, निदान दोनशे वेळा लावली असेल. प्रत्येक वेळी तार जोडूनच.

सात आठवडे मी ती उशाशी ठेवली आणि ऐकली नाही. ती मला काय म्हणाली असेल याची वाक्ये मीच मनात तयार करत होते. फीत जुनी झाली आहे, वाजवताना तुटेल, अशी सबबही माझ्याजवळ होती. म्हणून ते पुरण्याचे कलम लिहिले. काल ते स्वच्छ अक्षरात उतरवायला बसले आणि चौथ्यांदा उठून मागचे दार पाहिले. मग दाराकडून परत न बसता रेकॉर्डर काढला, वाजवण्याचा भाग स्पिरिटने पुसला, तार काढली आणि कॅसेट लावली.

रोडा जे म्हणाली ते असे आहे. मी दोनदा ऐकून अक्षरशः उतरवले आहे.

“बांध, आठवी आवृत्ती. सात सप्टेंबर चौऱ्याऐंशी. कोरी फीत पुढे सरकवली आहे, मॅव्हिस. या वेळी मी सरकवली. अगं, तू थांब्यावर ‘हो’ म्हणालीस ना, तेव्हा तुझे कान लाल झाले होते. लहानपणी साखर चोरलीस की व्हायचे तसे. मी आता हा विषय आपणहून काढणार नाही. तू हे ऐकशीलच, तू तर दिवसभर हेच ऐकतेस कारखान्यात. ऐकलंस की सांग. मी चहा टाकते.”

मग तार जोडल्याचा खट्ट आवाज येतो आणि प्रोग्राम सुरू होतो.

तिला वाटले असणार की मी ऐकले आणि तरी काही बोलले नाही. या विचाराने मला काल बसवेना आणि आजही बसवत नाही. यावर उपाय नाही. जे करता येण्यासारखे होते ते केले आहे, आणि त्यावरून कलम ७ आता असे वाचावे:

‘बांध’च्या आठव्या आवृत्तीची कॅसेट, रेकॉर्डर आणि स्वयंपाकघरातला संगणक श्रीमती ओकडेन यांच्या संग्रहालयाला द्यावेत. अटी तीन. पहिली, प्रोग्राम उतरवून घेताना रोडाचा आवाज कापू नये. त्यांना फोनवर विचारले आहे. त्या म्हणाल्या, “कापायची माझी छाती नाही बाई, लिहून घ्या.” लिहून घेतले आहे. दुसरी, प्रोग्रामच्या नावाशेजारी ‘लेखिका: रोडा ग्रेस बुलन, शिक्षिका’ असे लिहावे. सातवी आवृत्ती का नाही असे कोणी विचारल्यास हे कलम दाखवावे. तिसरी, कॅसेट लोकांसाठी लावताना इअरफोनची तार काढून ठेवावी. कानांना त्रास झाला तरी चालेल.

त्या कॅसेटची दुसरी बाजू कोरी होती. आज सकाळी दहा वाजता मी तिच्यावर माझ्या आवाजात एक वाक्य उतरवले आहे. आधी कोरी फीत पुढे सरकवली. नंतर मागे घेऊन, तार काढून, तपासून पाहिले. आवाज स्वच्छ आहे. मग पुन्हा कोणाला त्यावर काही उतरवता येऊ नये म्हणून मागच्या कडेच्या दोन्ही प्लॅस्टिकच्या खिट्या मोडून टाकल्या. ते वाक्य असे: “नाही, रोडा, सरकवली नव्हती.”

वरील मजकूर मी वाचून पाहिला. तो माझ्या इच्छेप्रमाणे आहे. खाली सही करते.

मॅव्हिस जोन बुलन

आम्ही दोघांनी एकाच वेळी हजर राहून त्यांना सही करताना पाहिले, आणि त्यांच्यासमोर व एकमेकांसमोर सह्या केल्या. या मृत्युपत्रातून आम्हाला काहीही मिळत नाही.

साक्षीदार १: लायोनेल हर्बर्ट स्टिमसन, निवृत्त पोस्टमन, ९, वेअर लेन
साक्षीदार २: ऑलिव्ह स्टिमसन, गृहिणी, ९, वेअर लेन

स्थळ: ६, वेअर लेन, ईली, स्वयंपाकघर
दिनांक: ९ ऑक्टोबर २०२४