सरीच्या तोंडाशी टांगलेले शर्ट

लंबासा, वनुआ लेवू बेट
रविवार, १५ सप्टेंबर २०१९ (पितृपक्ष लागला)

चि. शैलेशनी,

अनेक आशीर्वाद. आम्ही दोघं बरे आहोत. काकीचे गुडघे, माझी पाठ आणि छपराचे पत्रे एका वयाचे असल्यासारखे एकदमच कुरकुरायला लागले आहेत, एवढंच. हे पत्र विमलेशच्या हाती ब्रिस्बेनला देतो आहे. सोबत लिंबाचं लोणचं आहे. विमानतळावर लोणचं पकडलं गेलं तर पत्र वाच, पत्र पकडलं गेलं तर लोणचं खा. तिखट दोन्ही सारखंच.

तुझा निरोप पोहोचला. कंत्राटदार हरीपालनं कागद पाठवला आहे. बाबांचा उरलेला ऊस आणि जमिनीचा भाडेपट्टा दोन्ही त्याला द्यायचे आहेत. 'काका, सही करू का?' असं तू विचारतेस. उत्तर देतो. पण मुख्य विधीआधी संकल्प लांबवण्याची आम्हा पंडितांची खोड तुला ठाऊक आहे, तेव्हा जरा दम धर.

हार्वेस्टर आल्यापासून वस्ती फार शांत झाली आहे. जो फड तोडणीच्या टोळीला आठवडाभर पुरायचा, तो सकाळच्या चहाला उभा असतो आणि दुपारच्या जेवणाला नसतो. यंत्रावर आपला वाईसाकेच असतो. उंच काचेच्या खोलीत, कानांवर आवाज अडवणाऱ्या चकत्या लावून, एकटा. हाच वाईसाके टोळीत असताना सगळ्यांत मोठ्यानं भजनं म्हणायचा. मी एकदा म्हटलं, "अरे, चर्चमध्ये पाद्रीबाबांना कळलं तर?" तर म्हणे, "पंडितजी, तिथे मला सूर लागतो, इथे भूक लागते. दोन्हीकडे देवाचंच नाव घेतो की." आता तो काय गातो ते त्यालाच ऐकू येत असेल तर असेल.

टोळीबद्दल मी फार गहिवरून बोलावं असंही नाही. टोळी काही वेदांत सांगितलेली नव्हती. कारखान्यानंच जमवली आणि कारखान्याच्याच सोयीसाठी मोडली. तुझ्या आईबाबांच्या लग्नाचा मुहूर्त शास्त्राप्रमाणे नोव्हेंबरात निघाला होता. मी तेव्हा नवा पंडित. तुझे बाबा म्हणाले, "गाळप चालू असताना लग्न? नवरदेवाला तरी सुट्टी मिळेल का ते विचार." मी पंचांग पुन्हा उघडलं, आणि काय आश्चर्य, हंगाम संपल्यावर त्याहून उत्तम मुहूर्त सापडला. आयुष्यभर मी भोंग्याला विचारून ग्रह बसवले.

काकीला परवा म्हणालो, टोळी गेली आणि वस्तीचा आवाजच गेला. कणीक मळता मळता म्हणाली, "तुमचा आवाज गेला. माझा चौदा माणसांचा स्वैपाक गेला. पहाटे कोण उठत होतं, तुमचं पंचांग?"

तरी एक गोष्ट होती. टोळीतला एखादा सकाळी दिसला नाही, की अर्धी टोळी त्याच्या दारात. "काय रे, बायकोनं खाटेला बांधून ठेवलंय का?" कोणाचं पोट बिघडलं, कोणाचं बायकोशी फाटलं, कोणी रात्री नंगोना जास्त प्यायला, सगळं फडात पोहोचलेलं असायचं. लाज म्हणून कोणाला राहिली नव्हती. पण हरवलंही कोणी नव्हतं.

टोळी मोडायची बैठक तुझ्या बाबांनीच घेतली. टोळीचे सरदार तेच. म्हणाले, "मशीन चांगलं रे. त्याला सासुरवाडी नाही. सुट्टी मागत नाही, उचल मागत नाही, पिऊन रडत नाही." सगळे हसले, सगळ्यांत मोठ्यानं तेच. आणि दुसऱ्या पहाटेपासून कोयता घेऊन एकटेच फडात जायला लागले. स्वतःच्या उसाची एक सरी हातानं तोडायची आणि बाकीचा ऊस यंत्रासाठी सोडायचा. मी विचारलं, "गजाधर, ही कसली उपासना?" म्हणाले, "हात विसरतील रे."

शैलेशनी, फोनवर तू रडायला लागलीस की माझं खोटं बोलणं सोपं जातं. म्हणून हे लिहून पाठवतो आहे.

बाबा झोपेत गेले असं आम्ही तुला सांगितलं. ते अंथरुणात गेले नाहीत.

ऊस तोडणारा माणूस सरीत शिरताना आपला शर्ट सरीच्या तोंडाशी, वाकवलेल्या उसावर टांगून जातो, हे तू लहानपणापासून पाहिलं आहेस. ऊस दोन पुरुष उंच. आतला माणूस दिसत नाही. लॉरी मागे घेणाऱ्याला, पाचट पेटवणाऱ्याला कळावं म्हणून ही खूण. शाळेत मी तुम्हाला तर्क शिकवला: जिथे धूर तिथे अग्नी. टोळीचा तर्क त्याहून सोपा होता. जिथे शर्ट तिथे माणूस.

जुलैच्या त्या सकाळी वाईसाके बाबांच्या फडाला यंत्र लावायला आला. थोड्या वेळानं मला त्याचा फोन आला. मागे यंत्राची घरघर नव्हती, म्हणून आधी त्याचा आवाज ओळखूच येईना. म्हणाला, "पंडितजी, सरीच्या तोंडाशी सरदारांचा शर्ट आहे. मी हाका मारतोय. ते ओ देत नाहीत."

दुसरा कोणी चालक असता, टोळीत न राहिलेला, तर शर्टाला चिंधी समजून पुढे गेला असता. पुढचं मी लिहीत नाही.

ती सरी अजून उभी आहे. गेलेल्या माणसाची सरी तेराव्यापर्यंत राखायची आणि मग सगळ्यांनी मिळून तोडायची, पहिला घाव त्याच्या घरच्याचा, ही आपल्या टोळीची रीत. तेरावा कधीच झाला. तोडायला टोळी नाही. वाईसाकेनं आजूबाजूचा सगळा ऊस कापला आणि ती एक सरी भिंतीसारखी सोडली. वारा नसतानाही तिची पानं वाजतात असं बायका म्हणतात. मी म्हणत नाही. मी फक्त त्या बाजूनं जाणं सोडलं आहे.

बाबांचा शर्ट आम्ही काढून आणला होता. तीन-चार दिवसांनी तिथे दुसरा शर्ट दिसला. मग आणखी दोन. आता बरेच आहेत. मी जुन्या टोळीतल्या एकेकाला विचारलं. प्रत्येकजण दुसऱ्याकडे बोट दाखवतो, आणि प्रत्येकजण खरं बोलत असावा असं वाटतं, हीच अडचण. हरीपाल मला दरडावून गेला, "पंडितजी, ही चिंध्यांची जत्रा हटवा, माझ्या मशीनमध्ये अडकेल." पण घरी जाताना तोही मोठा वळसा घेऊन गेला.

त्यातला एक शर्ट मी ओळखतो. निळा, खिसा वेगळ्या कापडाचा. बुधरामचा. बुधरामला आठ वर्षांपूर्वी अग्नी देताना मंत्र मीच म्हटले होते. माणूस जळला म्हणून त्याचे सगळे शर्ट जळतात असं नाही, असं मी स्वतःला समजावलं. काकीला नेऊन दाखवला. तिनं हात लावला नाही. दुरूनच बघून म्हणाली, "खिशाचा टाका माझा आहे. पण हा त्याच्या अंगावर होता हो, शेवटी."

आता मला सांग, तर्क खरा धरायचा तर त्या सरीत कोण कोण आहे?

थट्टा पुरे. राहिलेलं सांगतो. बाबा पडले ते वाईसाकेला शर्ट दिसण्याच्या दोन दिवस आधी, आणि पडले तसे लगेच गेले असं झालं नाही. डॉक्टर म्हणाले, दुसरा दिवस उजाडेपर्यंत तरी जीव होता. पाचटावरच्या खुणा सांगत होत्या की ते शर्टाच्या दिशेनं बरंच अंतर सरकत आले होते. तिथून रस्ता हाकेवर आहे. दोन दिवस त्या रस्त्यानं शाळेची बस गेली, उसाच्या लॉऱ्या गेल्या, वस्तीतली माणसं गेली. बाबांनी हाक मारलीच असणार. सरदाराचा आवाज तो. पण शेजारच्या फडात यंत्र चाललं होतं. त्यावर वाईसाके होता, कानांवर चकत्या लावून. तेव्हापासून तो झोपत नाही. त्याच्या बायकोनं मला येऊन विचारलं, "तुमच्या पोथीत काही आहे का?" मी पोथी पाहिली. नाही.

तर तुझ्या प्रश्नाचं उत्तर. सही कर. जमीन दे हरीपालला. तू तिथे रुग्णालयात रात्रपाळ्या करायच्या आणि इथे ऊस कोणासाठी राखायचा? पण ती सरी यंत्राला देऊ नकोस. सहीआधी एकदा ये. मुलीला अधिकार आहे का, असं तू विचारशील. शास्त्रात शोधलं तर मला दोन्ही बाजूंची वचनं सापडतील, तो माझा धंदाच आहे. टोळीला असला वाद माहीत नव्हता. पहिला घाव तू घाल. मग वाईसाके, ही पाठ आणि ते गुडघे, जे कोणी उरलो आहोत ते मिळून तोडू. ज्याचा त्यानं शर्ट उचलून घरी न्यावा. मागे कोणाचे राहतात ते मला बघायचं आहे, आणि एकट्यानं बघवत नाही.

दिवस तू सुट्टी पाहून ठरव. तो शुभ आहे की नाही ते मी या वेळी पाहणार नाही.

दोन दिवस त्यांच्या ओसरीवरचा दिवा भर उन्हात जळताना पाहून "गजाधर विसराळू झाला" असं काकीला हसून सांगणारा,

समोरच्या घरातला,
तुझा पंडित काका