अर्धं शेवाळ आणि आमचे साडू

तळहाताएवढ्या शेवाळाच्या गोळ्याची खरी किंमत आधी लिहितो: हिमदंशाने गेलेली माझ्या उजव्या पायाची दोन बोटं आणि आमच्या साडूंची मैत्री. पैकी बोटांचं वाईट वाटतं.

मी, निवृत्त शास्त्रज्ञ, विधुर, ध्रुवाजवळच्या गोड्या पाण्याच्या तळ्यांतले जीव पाहण्यात हयात घालवलेला, हे मृत्युपत्र कुणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. डोकं ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला जोडला आहे. साडू तो मागतीलच. खानावळीत ताटं विसळून शिकलो. आयुष्यात कुणाचे उपकार घेतले नाहीत, हे कुणालाही विचारावं.

१. सदर शेवाळ बर्फाखालच्या तळ्याच्या तळाशी वाढलेलं. गोठलेला अर्धा गोळा मी आतले जीव तपासायला संस्थेला दिला. विभागप्रमुख तेव्हा आमचे साडूच. "टाक गरम पाण्यात, कोण वाट बघत बसतंय?" असं ते मदतनिसाला म्हणाले, ते मी भिंतीपलीकडून ऐकलं. मी तिथे पोचेपर्यंत सगळं शिजलं होतं. साडूंनी निबंध छापला: या तळ्यात एकही प्राणी जिवंत नाही. त्यांच्या हाती लागल्यावर खरंच नव्हता.

२. उरलेल्या अर्ध्यातलं चिमूटभर माझ्या विद्यार्थिनीने फ्रीजमध्ये सावकाश वितळू दिलं. टाचणीच्या टोकाएवढे, आठ पायांचे प्राणी चालायला लागले. तिच्या प्रबंधाला परीक्षक पुन्हा साडूच.

"बाई, हे नळाच्या पाण्यातले किडे."

"सर, एकदा भिंगातून बघा तरी."

"किडे बघायला मी कशाला हवा?"

प्रबंध नापास झाला. ती आता शाळेत बेरजा शिकवते. शिल्लक शेवाळ, माझा सूक्ष्मदर्शक आणि माझं कुलूपबंद घर तिला द्यावं.

३. सभागृहाला साडूंचं नाव देण्याचं संस्थेत घाटतं आहे. त्या समारंभात माझ्या विद्यार्थिनीला व्यासपीठ आणि मोठा पडदा मिळाला, आणि ते प्राणी सगळ्यांसमोर चालताना दिसले, तर माझी सर्व बचत संस्थेला. नाहीतर तीही तिलाच. साडूंना पहिल्या रांगेत बसवावं. त्यांना दीर्घायुष्य लाभो, ही माझी मनापासून इच्छा आहे. त्यांच्याशिवाय कार्यक्रमाला मजा नाही.

४. बर्फ पोखरायचं माझं गिरमिट साडूंना. ध्रुवावरच्या गप्पा ते रंगवून सांगतात, निदान एकदा हातात तरी धरतील. माझा चष्माही त्यांनाच. समारंभाला स्वतःचा विसरले, ही सबब नको.

५. मेहुणीशी माझं भांडण नाही. बायकोच्या सगळ्या शाली तिला. नवरा तिने निवडला नव्हता.

वरील मजकूर वाचून, समजून सही केली आहे.

साक्षीदार: शेजारचे दातांचे डॉक्टर (सही). कोपऱ्यावरचे इस्त्रीवाले (सही).

तारीख: आजचा सोमवार, शिक्क्यावर आहे ती.

स्थळ: साडूंच्या घराची मागची खोली. कंबरेचं हाड मोडल्यापासून मी इथेच राहतो. शेवाळही त्यांच्याच फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यात, वाटाण्यांच्या पिशवीखाली आहे.