दोन सूर्यांचे पंचांग आणि कावेरीचे लग्न

पुणे

तीर्थरूप अप्पा,
महादेवीचा शरणार्थ.

आधी घडले ते क्रमाने मांडते. दोन सूर्यांच्या जगाचे पंचांग मी माझ्या कादंबरीसाठी रचले. दिवाळीत ते माझ्याकडून नेकनूरच्या घरी विसरून राहिले. त्यातले ‘दोन्ही सूर्य समोरासमोर, विवाह वर्ज्य’ हे वाचून तुम्ही धाकट्या कावेरीचे लग्न वर्षभर पुढे ढकलले. ती फोनवर नुसती रडत होती.

मी सुन्न झाले आहे. तळाशी ‘काल्पनिक’ असे ठळक लिहिले होते, अप्पा! वर व्याह्यांना ठणकावलेत म्हणे, “आमच्या लेकीनं काढलंय, चुकणार न्हाई.”

चूक त्यात नाहीच. पण ते आपल्या आभाळाचे नाही.

आईचे गुडघे कसे आहेत?

लग्न ठरल्या तिथीलाच होईल, असे व्याह्यांना सांगा आणि सांगितल्याचे मला लेखी कळवा. फोनवरचे “बरं, बघू” मी ग्राह्य धरणार नाही.

आपली,
महादेवी