दिवे मालवू का?

प्रिय मेबल,

माझी तब्येत ठीक आहे. घरमालकीण मिसेस टगवेल रोज सकाळी मासा तळून देते. तुझा खोकला कमी झाला का?

या नाटकातही मी बटलरच. सबंध नाटकात एकच वाक्य, तेही पडदा पडण्याआधीचं, अगदी शेवटचं. आणि शेवटचं वाक्य तालमीत बोलणं अशुभ, हे आम्हा नटांचं खूळ तुला माहीतच आहे. म्हणून सगळ्या तालमींत त्या जागी मी नुसती मान लववली.

सोमवारी पहिला प्रयोग झाला. मी पुढे आलो, तोंड उघडलं, आणि आत काहीच नव्हतं गं. प्रॉम्प्टरनं विंगेतून दोनदा शब्द दिले. ऐकू आले, पण ते माझे आहेत असं वाटेचना. शेवटी पडदा पाडला.

"क्लेम, जन्मभर बटलर झालास, आज पुतळा झालास!" मॅनेजर हसत म्हणाला. मंगळवारी माझ्या जागी दुसरा उभा होता.

"दिवे मालवू का, बाईसाहेब?" एवढंच होतं ते वाक्य. आत्ताही संहितेत बघूनच लिहिलंय.

शनिवारी घरी येतोय. दारात नुसताच उभा राहिलो, तर घाबरू नकोस. माझं नाव तूच आधी घे.

तुझाच,
क्लेमेंट