अंजनाच्या ओटीतला नारळ

चौसाळा,
सोमवार, २९ ऑक्टोबर २०१८

चि. सौ. सुभद्रा हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझा फोन बंद लागतो, म्हणून पत्र. तुमचा ड्रायव्हर नबी गाडी घेऊन दारात उभा आहे, त्याच्याच हाती देते आहे. आधी तुझ्या यजमानांच्या, उत्तरेश्वररावांच्या हाती पडलं तरी हरकत नाही. साखर कारखान्याचे चेअरमन झाले तरी त्यांना वाचता येतं अशी माझी समजूत आहे.

इकडे टँकर कधी येतो, कधी येत नाही. पिंपभर पाण्यात मी अंघोळ, भांडी आणि तुळस भागवते. रब्बी कुणी पेरलीच नाही. तुझी साखर वाढली असं नबी म्हणाला. गुडघ्याला तेल लावत जा, आणि पेढे बंद कर.

नबी तसा तुमच्याकडचा निरोप घेऊन आला होता. पाटोद्याच्या शाळेत माझ्या हाताखाली शिकलेला पोरगा, अजून माझ्यापुढं चप्पल काढून उभा राहतो.

“बाई, बिभीषण मुकादम आज सकाळी दवाखान्यात गेला.”

“गेला म्हणजे?”

“म्हंजे मेला. आन साहेब म्हणत्यात, बाईला सांग, त्या दिशी तुमी काई पाह्यलं न्हाई. तुमची तब्येत बरी नव्हती.”

“माझी तब्येत उत्तम आहे.”

“मला ठावं हाय, बाई. मी निस्ता निरोप्या हाय.”

म्हणजे आता अंजनावर खुनाचा गुन्हा लागेल. चोविशीची पोरगी कोठडीत पडली आहे, आणि पडली आहे ती तुझ्या जबाबावर. तेवढ्यासाठी हे पत्र. टँकर आणि तुळस रीत म्हणून लिहिली.

तुझा तो मातृत्व सन्मान सोहळा. कारखान्यात यंदा गाळायला ऊस नाही, पण मांडव होता, स्पीकर होता, पेपरवाले होते. ऊसतोडीच्या टोळ्या कोल्हापूरकडे निघायच्या आत अकरा गरोदर मजूर बायांची ओटी तू भरायची, आणि बाया आणायच्या बिभीषणनं. गरोदर बाईला तो टोळीत घेतच नाही, हे तुमच्या घरात सगळ्यांना माहीत होतं. अकरा आणणार कुठून, असं कुणीच विचारलं नाही.

मला तू नारळाच्या पाटीजवळ बसवलंस. बिनलग्नाच्या बाईनं ओटी भरू नये, पण तिनं पुढं केलेला नारळ देवाला चालतो. सत्तरी गाठली तरी माझी बढती झाली नाही.

पाटावर पहिली बसली ती अंजना. हिरवं लुगडं, सात महिन्यांचं पोट. माझ्या हातातला नारळ तिथंच थांबला, कारण अंजनाला मी ओळखते. दोन पावसाळे ती माझ्याकडे धुणंभांडी करत होती. गेल्या हंगामात तिला चौथा महिना होता आणि ते मूल तिला हवं होतं. बिभीषण म्हणाला, कोयता अडतो. नवरा-बायको मिळून त्यांच्या हिशेबी एक कोयता, आणि बाई बसली की कोयता मोडला. त्यानं नवऱ्याला तिचे हात धरायला लावले, स्वतः नाक दाबलं आणि तोंड उघडल्यावर गोळ्या घशात कोंबल्या. दुसऱ्या दिवशी ती उसाच्या मोळीखाली फडातच पडली. रक्त थांबेना, तेव्हा तिकडच्या कुणा डॉक्टरनं तिची पिशवीच काढून टाकली. हे तिनं माझ्या ओट्यावर, भांडी घासता घासता सांगितलं होतं.

पिशवी नसलेल्या बाईला सात महिने. मी तुझ्याकडे पाहिलं. तू कॅमेऱ्याकडे पाहत होतीस.

तू तांदूळ घातलेस, खण घातलास. अंजनानं खण बाजूला ठेवला, निऱ्यांमागं हात घालून गाठ सोडली आणि जुन्या चादरीचं गाठोडं तुझ्या ताटात ठेवलं.

“घ्या बाईसाब,” म्हणाली. “पोरगी झाली.”

मागच्या बायांतली एक फिसकन हसली. मग दुसरी. मग हसत हसतच एकेकीनं आपलं गाठोडं उपसलं आणि मांडवात टाकलं. कुणीतरी सनईचा आवाज वाढवला.

तुझा चेहरा मी पाहिला, सुभद्रा. ‘पोरगी’ हा शब्द तुला कुठं लागला ते माझ्याशिवाय त्या मांडवात कुणाला कळलं नसेल. मुलगाच हवा म्हणून, धर्मराज होईपर्यंत तुझ्या सासूनं तीनदा तुझं पोट रिकामं करून आणलं. तिसऱ्या वेळी तुझ्याखालची चादर मी बदलली. “अक्का, मला कुणी विचारलं का गं?” एवढंच तू बोलली होतीस. आता ऊसतोडीला जाणाऱ्या भिवराबाईच्या थोरल्या लेकीला पाचवं मूल नको होतं, तर डॉक्टरनं गर्भपाताच्या कायद्याचं नाव सांगून तिला दारातूनच हाकललं, आणि तो कायदा असं म्हणतच नाही. नको म्हणणारीला हाकलायचं, हवं म्हणणारीचं नाक दाबायचं, आणि मग स्टेजवर दोघींच्या कपाळाला कुंकू लावायचं.

पुढचं तुला माहीत आहे. तरी लिहिते, कारण तुझ्या जबाबात ते नाही.

बिभीषणनं तिला केसाला धरून पडद्यामागं ओढत नेलं. मी मागून गेले, तूही आलीस. “माझी इज्जत काढतीस व्हय गं? कशापायी सोडलंस ते गाठोडं?” म्हणत त्यानं तिच्या पोटात लाथ घातली.

“घाल,” ती म्हणाली. “आता तिथं कुणीच न्हाई.”

त्यानं पुन्हा घातली. ती आडवी झाली तेव्हा टाचेनं घातली. तिच्या तोंडातून रक्त आलं. तू “अगंबाई” म्हणालीस.

मग त्याच्या डोक्यात नारळ बसला. तो गुडघ्यावर आला, तेव्हा पुन्हा बसला. आडवा झाला तरी बसत राहिला. नारळ शेंडीला धरून मारला की हातातून सुटत नाही. हे मला कसं ठाऊक, ते तुला ठाऊक आहे.

लहानपणी आपल्या बापूंनी मला नन्सच्या शाळेत घातलं. राग आला की दहापर्यंत मोजावं, असं तिथं शिकवायचे. त्या दिवशी मी मोजलं नाही. तो मरावा असं मला वाटत होतं का, हे मी स्वतःला विचारून पाहिलं. हो, वाटत होतं. देवाघरी विचारलं तरी हेच सांगीन.

पुरुष धावत आले. तू माझ्या हातातून नारळ काढून घेतलास. मला वाटलं, लांब फेकशील. तू तो खाली पडलेल्या अंजनाच्या पदरात टाकलास आणि तिच्याकडे बोट केलंस. त्या दिवशी तेवढी एकच ओटी तू पुरी भरलीस.

मी त्याच संध्याकाळी ठाण्यात गेले. “मी मारलं” म्हणाले. फौजदारानं चहा मागवला. “आई, तुम्हाला धक्का बसलाय. चेअरमनसाहेबांच्या घरच्यांनी डोळ्यांनी पाहिलंय.” या हातात नारळ पेलेल का, असं त्यानं हसून विचारलं. मी टेबलावरचा पेपरवेट उचलला तेव्हा तो हसायचा थांबला. पण लिहून काही घेतलं नाही. मला घरी सोडायला जीप दिली. अंजना त्याच भिंतीपलीकडे कण्हत होती.

तू मला वाचवलंस असं तुला वाटत असेल. बहिणीची माया मला कळते. पण हाताशी सापडलेल्या बाईच्या पदरात आपलं पाप टाकायचं, ही तुझ्या सासूच्या घरची रीत. ती तू कधी उचललीस?

उद्या सकाळपासून मी ठाण्याच्या पायरीवर बसणार आहे. माझं तिथं कुणी ऐकणार नाही, तुझं ऐकतील. उत्तरेश्वरराव गाडी देणार नाहीत, तर नबीला सांग, तो आणील. तेव्हा तुला कुणी विचारलं नव्हतं. आता मी विचारते आहे. त्या नारळानं कुणी मारलं, सुभद्रा?

तिच्या पदरात टाकलेलं उचल आणि माझ्या हातात परत दे. मी हात पुढं करून बसले आहे.

बिभीषणला मारणारी,
तुझी अक्का