काकीची अर्धी काडी

आबा, खालच्या वाडीतली काकी गेल्या महिन्यात आमच्या ऑफिसात आली होती. तुम्हाला जाऊन दहा वर्षं झाली, तेव्हा आधी हे सांगायला हवं की तुमची लेक वकील झाली. रत्नागिरीला कोर्टाच्या मागच्या गल्लीत एका सरांच्या हाताखाली काम करते. घरात कॉलेज पाहिलेली मी पहिलीच, म्हणून आई अजून येणाऱ्या-जाणाऱ्याला माझी सनद भिंतीवरून उतरवून दाखवते. काकी हातखंब्याला एसटी बदलून एकटी आली. तिनं टेबलावर कुंकवाचा करंडा ठेवला, झाकण काढलं आणि म्हणाली, "ह्यो घे माझा पुरावा." आत कापसावर भाताच्या पेंढ्यातली अर्धी काडी होती. सर म्हणाले, "हिला पुराव्याचा निशाणी नंबर चिकटवायचा कुठं, काकी?" ती हसली, मीही हसले. पण काडी ओळखली आणि माझं हसू गेलं. ती तुम्ही दिलेली होती.

मी तेव्हा नववीत होते. काकीचा पहिला नवरा मुंबईत दुसरीबरोबर राहत होता आणि काकी माहेरी भावाच्या घरात दिवस काढत होती. कोर्टाची पायरी चढायची म्हणजे तिला मुंबईपेक्षा लांब. शेवटी तुम्ही मानकऱ्यांनी गावकीतर्फे त्याला निरोप धाडला आणि भात झोडून झाल्यावर देवळात बैठक बसली. ती बैठक मी इतक्यांदा सांगितली आहे की आता डोळ्यांसमोर उभी राहते. तुम्ही देवाला साक्षीला बोलावून गाऱ्हाणं घालता. काडीचं एक टोक त्या नवऱ्याच्या हातात, दुसरं काकीच्या भावाच्या हातात. तुम्ही म्हणता, "आजपासून तुझी वाट तुला, तिची तिला." आणि मधोमध काडी मोडता. मग बाहेर येऊन एक तुकडा काकीच्या ओटीत टाकता. झाला काडीमोड. पुढच्या उन्हाळ्यात तिनं खालच्या वाडीतल्या काकांशी पाट लावला आणि त्या माणसानं तिला कधी अर्ध्या शब्दानंही दुखावलं नाही.

त्या दिवशी मी तुमच्यामागे शाळेची वही घेऊन आले होते. म्हटलं, "आबा, मी लिहून काढते, सगळ्यांच्या सह्या घ्या." तुम्ही चारचौघांत मला गप्प केलंत. "वही मीट. देवासमोर झालं ते कागदावर आणायचं? उद्या लोक देवाला सोडून कागदाला विचारतील." मी वही मिटली. घरी येईपर्यंत रडत होते. लोक आता कागदालाच विचारतात, आबा.

काका मागच्या वर्षी गेले. त्यांना मूल नाही. मुंबईहून त्यांचा पुतण्या आला, दिवस-कार्य नीट केलं आणि नंतर दावा लावला. घर आणि भाताचे दोन चोंढे आपले, कारण काकी त्यांची बायकोच नव्हती. तिचं पहिलं लग्न कुठल्याच कोर्टानं मोडलेलं नाही, मग दुसरं झालंच कसं? दाव्यात तिच्यासाठी जो शब्द वापरलाय तो मी तिला वाचून दाखवला नाही. पण तिला कुणीतरी सांगितलाच. मी तिच्या चुलीपाशी बसले होते, ती घावणे काढत होती. तवा खाली उतरवून म्हणाली, "घर जाऊं दे गो. पण मी त्यांची ठेवलेली नव्हते, येवढं लिव."

हे लिहायला कायद्यात जागा आहे. परीक्षेच्या वेळी तो भाग मला फार आवडायचा. लग्न मोडायला कोर्ट लागतं, पण एखाद्या समाजात काडीमोडाची रूढी असेल तर कायदा तीही मानतो. वाटायचं, देशानं एवढा मोठा कायदा बांधला आणि आपल्यासाठी एक मागचं दार ठेवलं. अट एवढीच की रूढी जुनी आहे, अखंड चालत आली आहे, हे सिद्ध करायचं. आणि त्या दिवशी ती पाळली गेली, हेही. त्यासाठी बैठकीतली माणसं हवीत. काकीचा भाऊ वारला, पहिल्या नवऱ्याचा पत्ता नाही; हयात आहेत ते तिघे मानकरी.

मी थोरल्या मानकऱ्यांकडे गेले. ते खळ्यात बसले होते. त्यांनी मला पाट दिला, पाणी दिलं, तुमची आठवण काढली. मग म्हणाले, "बाय, दोन वर्षांमागं तूच आमाला पोलीस ठाण्यात बसवलंस ना?" बसवलं होतं. वरच्या वाडीतलं एक घर गावकीनं वाळीत टाकलं होतं, त्यांच्या मयताला कुणी खांदा द्यायला गेलं नव्हतं. ती तक्रार मीच लिहिली होती आणि आजही लिहीन. "तवा काय म्हणालीस? गावकीला कुनाचा न्याय करायचा अधिकार नाय. आता कोर्टात जाऊन सांगूं, अधिकार व्हता? कंचा शब्द खरा धरूं तुझा?" मी म्हटलं, "ते वेगळं, हे वेगळं." "तुझ्या पुस्तकात आसंल वेगळं. आमची गावकी एकच." बाकीचे दोघंही तेच बोलले, एक जण तर दारातूनच.

चुकीचं मी काय केलं ते मला सापडत नाही, आबा. ज्या हातांनी काकीला मोकळं केलं त्याच हातांनी वरच्या वाडीतल्या माणसांना तोडलं. एक मान्य करून घ्यायचं आणि दुसऱ्याला गुन्हा म्हणायचं, हे कायद्याला जमतं. मला त्याच गावात आईला भेटायला जायचं असतं.

उरले मी. सर म्हणाले, "तुम्ही तिथं होता असं नेहमी सांगता. मग वकीलपत्र सोडा आणि साक्षीदार व्हा. केस मी चालवतो." मी वकीलपत्र सोडलं. सोमवारी शपथेवर सांगायचं आहे. प्रतिज्ञापत्र मीच टाइप केलं, त्यातली एकच ओळ काम करणारी आहे. "सदर काडीमोड माझ्या समक्ष झाला."

आबा, बायकांना बैठकीत जागा नव्हती. मी जांभ्याच्या पायरीवर काकीजवळ बसले होते आणि दार लोटलेलं होतं. तुमचा आवाज येत होता, शब्द कळत नव्हते. काडी मोडल्याचा आवाज तर येतच नाही. आत काय झालं ते तुम्ही घरी आईला सांगितलंत, मी ते पडवीतून ऐकलं. काकीनंसुद्धा स्वतःचा काडीमोड पाहिलेला नाही. तुम्ही ओटीत टाकलेली काडी तेवढी आम्ही दोघींनी पाहिली. तेवढंच खरं सांगितलं तर पुतण्याचा वकील दोन प्रश्नांत मला खाली बसवील आणि काकीसाठी तो शब्द कायमचा कागदावर राहील.

हे पत्र मी तुमच्या फोटोमागं खोचून ठेवणार आहे, आईला वाचता येत नाही. तुम्ही वही मिटायला लावलीत याचा राग इतकी वर्षं सांभाळला. पण दार उघडा, असं त्या दिवशी मीही म्हटलं नव्हतं. काल संध्याकाळी सरांनी सही घेण्याआधी विचारलं, "डोळ्यांनी पाहिलंत ना?"

मी हो म्हणाले.